गोद्या ओस पडल्या, मनोरे उभे राहिले : लंडन, न्यूयॉर्क, सिंगापूर आणि मुंबईची एक सामायिक कथा

१/
लंडनच्या पूर्वेस थेम्स नदी एक मोठे वळण घेते. या वळणाने तीन बाजूंनी वेढलेला भूभाग म्हणजे 'आयल ऑफ डॉग्ज'. १८०२ साली येथे साखरेची जहाजे येऊ लागली. आज त्याच पाण्याच्या काठावर कॅनरी व्हार्फचे काचेचे मनोरे आहेत आणि त्यांत जगभरच्या बँका आहेत. असाच पालट न्यूयॉर्कच्या किनाऱ्यावर झाला, सिंगापुरात झाला आणि मुंबईतही झाला. जागतिक व्यापार वाढत असताना महानगरांच्या गोद्या ओस का पडल्या आणि त्याची किंमत कोणी मोजली, याचा हा धागा.

२/
अठराव्या शतकाच्या अखेरीस थेम्सवर इतकी गर्दी असे की माल उतरवून घेण्यासाठी जहाजांना दीर्घकाळ खोळंबावे लागे. दरम्यान चोऱ्या होत. त्रासलेल्या साखर व्यापाऱ्यांनी, विशेषतः रॉबर्ट मिलिगन याने, पुढाकार घेऊन उंच भिंतींनी बंदिस्त अशी 'वेस्ट इंडिया डॉक्स' ही गोदी उभारली. ती साखर कॅरिबियन बेटांवरील गुलामांच्या श्रमातून येत असे, आणि मिलिगनचेही जमैकात ऊसमळे व गुलाम होते. भिंत मालाच्या रक्षणासाठी होती; तो माल ज्यांनी पिकवला त्यांना मात्र कोणतेही रक्षण नव्हते.

३/
१८०६ मध्ये जवळच 'ईस्ट इंडिया डॉक्स' सुरू झाली. ईस्ट इंडिया कंपनीची पूर्वेकडून येणारी जहाजे तेथे लागत. पुढे १८५५ मध्ये रॉयल व्हिक्टोरिया आणि १८८० मध्ये रॉयल अल्बर्ट या प्रचंड गोद्या झाल्या. चहा, लोकर, धान्य, लाकूड, मांस अशा एकेका जिनसासाठी वेगळे धक्के आणि वेगळी गोदामे असत. साम्राज्याचा नकाशा त्या गोदामांच्या वासावरून ओळखावा, अशी परिस्थिती होती.

४/
या जहाजांवर आशियाई खलाशीही असत. इंग्रज त्यांना 'लॅस्कर' म्हणत. पुढे पी अँड ओ सारख्या आगबोट कंपन्यांनी डेकवरच्या कामासाठी कोकणातून, विशेषतः रत्नागिरीच्या पट्ट्यातून, खलाशी भरती केले. खानपान आणि सेवेच्या कामासाठी गोव्याची माणसे घेतली. सारंग आणि तांडेल यांच्या हुकमाखाली ही माणसे लंडनपर्यंत जात. परतीची बोट मिळेपर्यंत निराधार राहणाऱ्या अशा खलाशांसाठी १८५७ मध्ये लंडनच्या लाइमहाउस भागात एक आश्रयगृह उघडण्यात आले. महानगरांचे दुवे तेव्हा माणसांच्या देहांतून जात होते.

५/
गोदीतले काम रोजंदारीचे होते. पहाटे फाटकाशी माणसांचा जमाव उभा राही; मुकादम बोट दाखवील त्याला काम, उरलेल्यांना घरची वाट. ऑगस्ट १८८९ मध्ये लंडनच्या गोदी कामगारांनी तासाला सहा पेनी मजुरीसाठी संप केला. बेन टिलेट, जॉन बर्न्स आणि टॉम मान हे त्याचे नेते होते. संप पाच आठवडे चालला. उपासमारीने तो मोडेल अशी चिन्हे दिसत असतानाच मदत आली ती दूरच्या ऑस्ट्रेलियातून: सुमारे ३०,००० पौंड. तिकडच्या कामगारांनी आणि सहानुभूतीदारांनी तो निधी जमवला होता. कामगार जिंकले. ज्या दळणवळणाने व्यापाऱ्यांना जोडले होते, त्याच दळणवळणाने या वेळी कामगारांनाही जोडले.

६/
त्या काळी 'माल चढवणे' म्हणजे नेमके काय, हे मुंबईकरांना एका दुर्घटनेतून कळले. १४ एप्रिल १९४४ रोजी व्हिक्टोरिया गोदीत 'फोर्ट स्टायकिन' या जहाजाचा स्फोट झाला. त्या एकाच जहाजाच्या पोटात दारूगोळा होता, कापसाच्या गासड्या होत्या आणि सोन्याच्या विटाही होत्या. युद्धकाळामुळे ही सरमिसळ अधिकच घातक ठरली. तथापि एका जहाजात शेकडो प्रकारचा सुटा माल भरणे ही जगभरची नित्याची रीत होती.

७/
ही रीत किती खर्चिक होती, याचा हिशेब एका अमेरिकी अभ्यासात सापडतो. १९५४ साली 'वॉरियर' नावाचे जहाज ब्रुकलिनहून जर्मनीच्या ब्रेमरहाफेनला गेले. त्यात सुमारे ५,००० टन माल होता आणि त्याचे स्वतंत्र नग होते १,९४,५८२. पेट्या, पोती, पिंपे, गाठोडी, मोटारगाड्या अशा प्रत्येक नगाला माणसाचा हात लागला होता. एकूण खर्चापैकी प्रत्यक्ष सागरी प्रवासाचा वाटा केवळ ११.५ टक्के निघाला. अटलांटिक ओलांडणे स्वस्त होते. महाग होता तो दोन्ही काठांवरचा धक्का.

८/
हे गणित बदलण्याचा ध्यास घेतलेला माणूस दर्यावर्दी नव्हता. माल्कम मॅकलीन हा नॉर्थ कॅरोलिनातला ट्रक व्यावसायिक. ट्रकमधला माल उतरवून पुन्हा जहाजात भरण्यापेक्षा ट्रकची पेटीच उचलून जहाजावर ठेवावी, हा त्याचा विचार. २६ एप्रिल १९५६ रोजी 'आयडियल एक्स' हे जुने तेलवाहू जहाज ५८ पेट्या घेऊन न्यूअर्कहून ह्यूस्टनकडे निघाले. सुटा माल चढवण्यास टनामागे सुमारे ५ डॉलर ८३ सेंट लागत. या जहाजाचा तोच खर्च टनामागे १६ सेंटांहूनही कमी असल्याचे मॅकलीनच्या माणसांनी मांडले.

९/
केवळ पेटीने मात्र जग बदलले नाही. प्रत्येक कंपनीची पेटी वेगळ्या मापाची असती, तर एका बंदराची क्रेन दुसऱ्या बंदराच्या पेटीला निरुपयोगी ठरली असती. म्हणून १९६०च्या दशकात आंतरराष्ट्रीय मानके ठरवण्यासाठी दीर्घ वाटाघाटी झाल्या. २० आणि ४० फूट लांबीच्या पेट्या रूढ झाल्या, आणि पेटीच्या चार कोपऱ्यांवरील कुलपांची जोडणीही सर्वत्र एकसारखी झाली. समित्यांच्या बैठकांत ठरलेल्या या रूक्ष तपशिलांमुळेच एकच पेटी रेल्वे, ट्रक आणि जहाज यांवरून न उघडता प्रवास करू लागली.

१०/
आता जुन्या गोद्यांकडे पाहावे. त्यांची प्रवेशद्वारे अरुंद, पाणी मर्यादित खोल, भोवती दाट वस्ती आणि बोळ. कंटेनर बंदराला हवे होते खोल पाणी, पेट्या रचण्यासाठी विस्तीर्ण सपाट मैदान आणि थेट महामार्ग व लोहमार्ग. शहराच्या मध्यवर्ती भागात असे मैदान मिळणे अशक्य होते. शिवाय पूर्वी बंदर शहरालगत असणे सोयीचे होते, कारण हजारो हात हवे असत. ती गरजच संपली. बंदराला शहराची निकड उरली नाही.

११/
लंडनने प्रयत्न केला नाही असे नाही. शहरापासून दूर, थेम्सच्या मुखाकडील टिलबरी येथे कंटेनरसाठी नवे धक्के बांधले गेले. पण नोकऱ्यांची हमी मिळावी म्हणून कामगार संघटनेने १९६८ पासून तेथे नव्या पद्धतीच्या कामावर बहिष्कार घातला. तो १९७० पर्यंत टिकला. तोवर माल थांबला नाही. तो रॉटरडॅमकडे वळला आणि इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावरील फेलिक्सस्टो या लहानशा बंदराकडे गेला. गोदी कामगारांना रोजगाराची हमी देणारी राष्ट्रीय योजना फेलिक्सस्टोला लागू नव्हती. हेच लहान बंदर पुढे ब्रिटनचे सर्वांत मोठे कंटेनर बंदर झाले.

१२/
मग एकामागून एक फाटके बंद झाली. १९६७ मध्ये ईस्ट इंडिया, १९६८ मध्ये सेंट कॅथरीन, १९६९ मध्ये लंडन डॉक्स, १९७० मध्ये सरे डॉक्स, १९८० मध्ये वेस्ट इंडिया व मिलवॉल, आणि १९८१ मध्ये रॉयल डॉक्स. पावणेदोन शतकांत उभे राहिलेले विश्व अवघ्या १४ वर्षांत आवरले गेले. पॉप्लर, वॉपिंग, बर्मंडसी या वस्त्यांत बापाचे काम मुलाकडे येई. तेथे गोदीबरोबर दोरखंडवाले, गाडीवान, खानावळी, दुरुस्तीचे कारखाने यांचाही आधार तुटला.

१३/
मार्च १९७० मध्ये आयल ऑफ डॉग्जच्या रहिवाशांनी एक विलक्षण कृती केली. शाळा, बस आणि साध्या नागरी सोयींकडे होणाऱ्या दुर्लक्षाच्या निषेधार्थ त्यांनी बेटाकडे येणारे रस्ते काही वेळ अडवले आणि ब्रिटनपासून 'स्वातंत्र्य' जाहीर केले. वर्तमानपत्रांना ती गंमत वाटली. पण जगाच्या कानाकोपऱ्याशी दीडशे वर्षे जोडलेली वस्ती आपल्याच राजधानीपासून तुटली होती, हे सांगण्याचा तो एक मार्ग होता.

१४/
हे असेच घडणे अटळ होते काय? तंत्रज्ञान सर्वत्र एकच होते, परंतु तडजोडी वेगवेगळ्या झाल्या. अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावर हॅरी ब्रिजेस यांच्या संघटनेने १९६० मध्येच करार केला: यंत्रे येऊ द्या, पण होणाऱ्या बचतीतला वाटा कामगारांना निवृत्तिवेतन आणि उत्पन्नाच्या हमीच्या रूपाने द्या. न्यूयॉर्कच्या संघटनेनेही काम नसले तरी वार्षिक उत्पन्नाची हमी मिळवली. पेटीने काम संपवले. पण त्या नुकसानीची वाटणी कशी व्हावी, हे पेटीने ठरवले नव्हते. ते माणसांनी ठरवले.

१५/
न्यूयॉर्कमध्ये हा पालट एकाच संस्थेच्या कारभारात दिसतो. तेथील पोर्ट ऑथॉरिटीने नदीपलीकडे न्यू जर्सीतील एलिझाबेथ येथे कंटेनरसाठी बंदर उभारले. ते १९६२ मध्ये सुरू झाले. मॅनहॅटन आणि ब्रुकलिनचे धक्के हळूहळू कुजू लागले. त्याच पोर्ट ऑथॉरिटीने मॅनहॅटनमध्ये बांधलेल्या वर्ल्ड ट्रेड सेंटरच्या जुळ्या मनोऱ्यांचे उद्घाटन १९७३ मध्ये झाले. मनोऱ्यांच्या पायासाठी खणलेली माती शेजारच्या नदीकाठी, जुन्या धक्क्यांच्या जागी भराव म्हणून टाकली गेली. त्यावर पुढे 'बॅटरी पार्क सिटी' ही वसाहत उभी राहिली. बंदर शहराबाहेर गेले, 'व्यापार' हा शब्द मात्र मनोऱ्याच्या नावात उरला.

१६/
लंडनमध्ये ओसाड गोद्यांचे काय करावे, यावर दशकभर वाद झाला. स्थानिक परिषदांना घरे आणि उद्योग हवे होते. १९८१ मध्ये थॅचर सरकारने 'लंडन डॉकलंड्स डेव्हलपमेंट कॉर्पोरेशन' स्थापन करून नियोजनाचे अधिकार परिषदांकडून काढून घेतले. १९८२ पासून आयल ऑफ डॉग्जच्या मोठ्या भागाला विशेष सवलतक्षेत्राचा दर्जा मिळाला: दहा वर्षे स्थानिक कर माफ आणि बांधकाम खर्चावर प्राप्तिकरात भरघोस वजावट. म्हणजे 'मुक्त बाजारा'चे हे प्रतीक सरकारी अधिकार आणि सरकारी सवलती यांच्या पायावर उभे राहिले.

१७/
२७ ऑक्टोबर १९८६ रोजी लंडनच्या शेअर बाजाराचे जुने निर्बंध उठले. ही घटना 'बिग बँग' म्हणून ओळखली जाते. परदेशी बँकांना दारे उघडली, सौदे संगणकावर गेले. शेकडो दलाल एकाच प्रशस्त सभागृहात बसतील अशा इमारती हव्या होत्या, आणि जुन्या 'सिटी'च्या गल्ल्यांत त्यांना जागा नव्हती. ओसाड वेस्ट इंडिया गोदीत मात्र होती. कॅनरी बेटांहून फळे जेथे उतरत त्या धक्क्याचे नाव होते कॅनरी व्हार्फ. १९९१ मध्ये तेथे २३५ मीटर उंचीचा 'वन कॅनडा स्क्वेअर' उभा राहिला. तेव्हा ती ब्रिटनमधली सर्वांत उंच इमारत होती.

१८/
पुढच्याच वर्षी, १९९२ मध्ये, हा प्रकल्प उभारणारी ऑलिंपिया अँड यॉर्क ही कॅनडियन कंपनी कर्जात बुडाली. भाडेकरू येईनात, वाहतूक अपुरी. १९९९ मध्ये भुयारी रेल्वेची ज्युबिली मार्गिका पोहोचली आणि मग बँका आल्या. त्यांतली एक एचएसबीसी. चीनशी होणाऱ्या व्यापाराला भांडवल पुरवण्यासाठी १८६५ मध्ये हाँगकाँगमध्ये स्थापन झालेल्या या बँकेने आपले मुख्यालय साखरेच्या जुन्या गोदीवर थाटले. लेहमन ब्रदर्सचे युरोपीय मुख्यालयही येथेच होते. १५ सप्टेंबर २००८ रोजी खोकी घेऊन बाहेर पडणारे तिचे कर्मचारी जगाने पाहिले. फाटकाबाहेर काढले जाण्याची पाळी या वेळी वेगळ्या वेशातल्या माणसांवर आली होती.

१९/
दूरसंचार इतका स्वस्त झाल्यावर बँका कोठूनही काम करू शकल्या असत्या. तरी त्या दोन-चार शहरांतच का दाटल्या? समाजशास्त्रज्ञ सास्किया सासेन यांनी १९९१ मध्ये न्यूयॉर्क, लंडन आणि टोकियो यांच्या अभ्यासातून याचे उत्तर दिले. कारखाने आणि मालवाहतूक जितकी जगभर विखुरते, तितके त्यांचे नियंत्रण अवघड होते. त्यासाठी वकील, लेखापाल, विमातज्ज्ञ आणि वित्ततज्ज्ञ एकमेकांजवळ असावे लागतात. विखुरणे आणि केंद्रित होणे या एकाच प्रक्रियेच्या दोन बाजू आहेत. ज्या पेटीने माल शहराबाहेर नेला, तिनेच त्या मालाच्या कागदपत्रांचे महत्त्व शहरात वाढवले.

२०/
सिंगापूरने हा बदल आधीच हेरला. ब्रिटिश सैन्य माघारी जाणार, हजारो रोजगार बुडणार, अशा काळात त्या छोट्या राष्ट्राने तांजोंग पागार येथे कंटेनर बंदर बांधले. पहिले कंटेनर जहाज १९७२ मध्ये तेथे लागले. एका जहाजातून दुसऱ्या जहाजात पेट्या बदलण्याचे जगातले अग्रगण्य केंद्र म्हणून सिंगापूर नावारूपाला आले. आता तेथेही बंदर पश्चिमेच्या तुआस भागात हलवले जात आहे, आणि शहरालगतची जुनी जागा निवासी व व्यापारी वापरासाठी मोकळी होणार आहे. बंदराने दूर जावे आणि काठ मौल्यवान व्हावा, हे चक्र तेथेही फिरलेच.

२१/
मुंबईचा पूर्व किनारा याच कुळातला. पोर्ट ट्रस्टची स्थापना १८७३ मध्ये झाली. प्रिन्सेस गोदी १८८० मध्ये, व्हिक्टोरिया १८८८ मध्ये, आणि आज इंदिरा गोदी म्हणून ओळखली जाणारी अलेक्झांड्रा गोदी १९१४ मध्ये सुरू झाली. अलेक्झांड्रा गोदी खणताना निघालेल्या मातीच्या भरावावर बॅलार्ड इस्टेट वसली आणि तेथे जहाज कंपन्यांच्या कचेऱ्या आल्या. त्या काळी गोदी आणि कचेरी शेजारी शेजारी होत्या: हमालाच्या घामाचा आणि कारकुनाच्या शाईचा पत्ता जवळजवळ एकच होता.

२२/
१९८९ मध्ये खाडीपलीकडे न्हावा-शेवा येथे जवाहरलाल नेहरू बंदर सुरू झाले आणि हा शेजार संपला. पलीकडचा किनारा काही रिकामा नव्हता. तेथे आगरी शेतकऱ्यांची भातशेती आणि मिठागरे होती, कोळ्यांची गावे होती. नवी मुंबईसाठीच्या भूसंपादनाविरुद्ध दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली झालेल्या आंदोलनावर जानेवारी १९८४ मध्ये उरण परिसरात पोलिसांनी गोळीबार केला. त्यात पाच शेतकरी हुतात्मे झाले. त्या लढ्यातूनच पुढे भूमिपुत्रांना साडेबारा टक्के विकसित भूखंड देण्याचे धोरण आले. बंदरासाठी शेवा कोळीवाडाही हलवला गेला, आणि त्याच्या पुनर्वसनाचा प्रश्न अनेक दशके चिघळत राहिला.

२३/
आता एक धागा जोडून पाहावा. कोकणातून खलाशी भरती करणाऱ्या पी अँड ओ समूहाच्याच बंदर शाखेने १९९९ मध्ये न्हावा-शेव्यातले खासगी कंटेनर टर्मिनल सुरू केले. २००६ मध्ये संपूर्ण पी अँड ओ कंपनी दुबईच्या डीपी वर्ल्डने विकत घेतली. त्याच डीपी वर्ल्डने २०१३ मध्ये थेम्सच्या मुखाशी 'लंडन गेटवे' हे नवे बंदर उघडले. म्हणजे लंडन आणि मुंबई आजही जोडलेल्या आहेत, पूर्वीपेक्षा अधिक घट्टपणे. परंतु हा दुवा आता दोन्ही शहरांच्या बाहेर, कुंपणाआड आहे. रत्नागिरीचा खलाशी लाइमहाउसच्या रस्त्यावर दिसे; आजच्या कंटेनर जहाजावरचा खलाशी काही तासांत बंदर सोडतो आणि बहुधा शहर पाहतही नाही.

२४/
या इतिहासातून तीन गोष्टी उरतात. पहिली, जागतिकीकरण अख्ख्या शहराला जोडत नाही. ते शहराचा एक भाग निवडते आणि दुसरा सोडून देते. दुसरी, ही निवड केवळ यंत्र करत नाही. मानके, करसवलती, कामगार कायदे आणि भूसंपादन यांतून माणसेच ती करतात. तिसरी, रिकाम्या झालेल्या काठावर कोणाचा हक्क, हा प्रश्न दर वेळी नव्याने लढावा लागतो. मुंबईच्या पूर्व किनाऱ्याबाबत तो आजही खुला आहे.

२५/
कॅनरी व्हार्फच्या मनोऱ्यांच्या पायथ्याशी साखरेचे एक जुने गोदाम शिल्लक आहे. २००३ पासून तेथे गोद्यांचे संग्रहालय आहे. त्याच्या दारासमोर रॉबर्ट मिलिगनचा पुतळा होता. जून २०२० मध्ये तो हटवण्यात आला. गोदामाच्या आत मात्र साखरेच्या व्यापाराची आणि गुलामगिरीची माहिती मांडलेली आहे. मुंबईच्या गोद्यांचे पुढे जे काही होईल ते होवो. तेथे पाठीवर गासडी वाहिलेल्या माणसांसाठी आणि खाडीपलीकडच्या त्या पाच शेतकऱ्यांसाठी शहर आपल्या स्मृतीत किती जागा ठेवते, हेही पाहिले जाईल.

(धागा समाप्त)